‘चौथी ग्रेड’ सांगितली, आता कोणत्या डॉक्टरांना दाखवू?

कराडजवळच्या एका ताईंचं पत्र आलंय. लांब आहे, म्हणून थोडक्यात देते.

“वय ५४, वजन ७४ किलो. दहा वर्षांपासून पोळी-भाजीचं केंद्र चालवते. पहाटे साडेपाचपासून ओट्यापाशी उभी असते. उजवा गुडघा तीन वर्षं दुखतोय. जिना उतरताना आणि खाली बसून उठताना जास्त. सकाळी दहा-पंधरा मिनिटं आखडलेला असतो, मग मोकळा होतो. मंडईपर्यंत वीस-पंचवीस मिनिटं चालत जाते, येताना ठणकतो. शुगर आणि बीपीच्या गोळ्या चालू आहेत. मेडिकलमधून दुखण्याची एक गोळी आणते, ती दोन वर्षं जवळजवळ रोज घेते. आठ महिन्यांपासून शेजारच्या गावातल्या एकांची पुडीही घेते, तिने चार दिवसांत फरक पडला होता. मागच्या महिन्यात मोफत तपासणीचं शिबिर होतं. तिथे एक्स-रे काढून ‘चौथी ग्रेड, दोन्ही वाट्या बदला’ असं सांगितलं. डावा गुडघा मला फारसा दुखतच नाही. फिल्म दिली नाही, मोबाइलवर फोटो पाठवला. आता या महिन्यात ऑपरेशन केलं तर सवलत म्हणून रोज फोन येतो. मुलगा म्हणतो पुण्याला जाऊ, मिस्टर म्हणतात तेल लावून शेक. मला ऑपरेशनची भीती वाटते. दिवाळीपासून शुगर आटोक्यात येत नाही आणि चेहराही सुजल्यासारखा दिसतो, ती काळजी वेगळीच. नक्की कोणत्या डॉक्टरांकडे जाऊ?”

ताई,

तुमचा प्रश्न गुडघ्याचा आहे, पण मी आधी पुडीबद्दल बोलणार आहे. तुम्ही ती एका ओळीत उरकलीत. शुगर आणि चेहऱ्याची गोष्ट पत्राच्या अगदी शेवटी, वेगळी काळजी म्हणून लिहिलीत. मला वाटतं ही एकच काळजी आहे.

लेबल नसलेल्या ज्या पुडीने चार दिवसांत जुनाट गुडघेदुखी थांबते, तिच्यात स्टेरॉइड मिसळलेलं असण्याचा संशय प्रत्येक डॉक्टरला येतो. अशा पुड्यांमध्ये ते सापडलेलंही आहे. स्टेरॉइड हे वाईट औषध नाही, दम्यात आणि आमवातात त्याने माणसं वाचतात. पण त्याचं प्रमाण माहीत हवं, त्यावर कुणाची तरी नजर हवी. महिनोन्‌महिने पोटात जात राहिलं की शुगर चढते, बीपी वाढतं, वजन वाढतं, चेहरा गोल आणि फुगलेला दिसतो, हाडं ठिसूळ होतात. तुमच्या पत्रात यातल्या दोन गोष्टी आहेत आणि दोन्ही पुडी सुरू झाल्यानंतरच्या आहेत. पुडीत काय आहे हे मी इथे बसून सांगू शकत नाही. पण ते तपासल्याशिवाय पुढे जाऊ नका.

आणि हे नीट वाचा: पुडी आजच्या आज एकदम बंद करू नका. आपल्या मूत्रपिंडांच्या डोक्यावर दोन छोट्या ग्रंथी असतात, त्या शरीराला लागणारं स्टेरॉइड रोज बनवतात. बाहेरून आयतं मिळू लागलं की त्यांचं काम मंदावतं. आठ महिन्यांनी बाहेरचा पुरवठा एका दिवसात तोडला तर त्या लगेच जाग्या होत नाहीत. मग उलट्या, भोवळ, अंगातलं त्राण जाणं, बीपी आणि शुगर घसरणं असं होऊ शकतं, आणि ते जिवावर बेतू शकतं. म्हणून या आठवड्यात एमडी मेडिसिन झालेल्या फिजिशियनना भेटा आणि पुडी सोबत न्या. बंद करायची ती त्यांच्या देखरेखीखाली, लागलं तर हळूहळू. मध्येच कधी विसरलात किंवा संपली आणि वर सांगितलेला त्रास सुरू झाला, तर त्याच दिवशी हॉस्पिटल गाठा आणि आठ महिने पुडी घेत होते हे आधी सांगा.

मेडिकलच्या गोळीचंही तिथेच विचारा. बीपी आणि शुगर असलेल्या माणसाने दोन वर्षं रोज दुखण्याची गोळी घेतली की मूत्रपिंडांवर ताण येतो, पोटात व्रण होऊ शकतात, बीपीची गोळीही हवी तशी लागू पडत नाही. क्रिएटिनिन, हिमोग्लोबिन, लघवीची तपासणी आणि तीन महिन्यांची सरासरी शुगर एवढं करून घ्या. हे रिपोर्ट गुडघ्याच्या डॉक्टरांनाही लागणारच आहेत.

आता गुडघा.

आपल्याकडे सांधा दुखला की सगळ्याला ‘वात’ म्हणायची पद्धत आहे, आणि तिथेच घोळ सुरू होतो. तुमच्या लक्षणांवरून हा अस्थिसंधिवात वाटतो, ज्याला लोक ‘झीज’ म्हणतात. हाडांच्या टोकांवर कूर्चेचा गुळगुळीत थर असतो, तो विरळ होतो. पण हा आजार नुसता त्या थराचा नाही. खालचं हाड, सांध्याचं अस्तर, आजूबाजूचे स्नायू सगळेच बदलतात. कूर्चेला स्वतःच्या नसा नसतात, म्हणजे तिचं विरळ होणं तिथल्या तिथे दुखत नाही. दुखतं ते बाकीच्यांचं. आणि ‘बाकीच्यांसाठी’ करण्यासारखं पुष्कळ असतं. ‘ग्रीस संपलं’, ‘गॅप गेला’ असं ऐकलं की माणूस गुडघ्याला गंजलेलं बिजागर समजायला लागतो. सांधा जिवंत असतो, वापराने आणि व्यायामाने तो सुधारतो.

निदानाला फार खटाटोप लागत नाही. इंग्लंडमधल्या ‘नाइस’ या संस्थेच्या २०२२ च्या सूचना सांगतात की वय ४५ किंवा जास्त असेल, सांधा वापरल्यावर दुखत असेल आणि सकाळचा आखडलेपणा नसेल किंवा अर्ध्या तासाच्या आत जात असेल, तर एक्स-रे न काढताही अस्थिसंधिवाताचं निदान करता येतं. तुम्ही लिहिलेली दहा-पंधरा मिनिटं म्हणूनच मला महत्त्वाची वाटली. तेच तास-दोन तास आखडलं असतं, हाताची बोटं-मनगटं दोन्हीकडे सुजली असती, बारीक ताप असता, तर मी तुम्हाला आधी संधिवाततज्ज्ञांकडे, म्हणजे रुमॅटॉलॉजिस्टकडे पाठवलं असतं. चिकुनगुनियानंतर तीन महिने उलटूनही सांधे सुजलेले असतील तरी तिकडेच. २००६ च्या साथीनंतर आपल्या भागात अशी किती माणसं ‘झीज’ समजून तेल लावत बसली होती, ते मी पाहिलंय.

तुम्ही मात्र अस्थिरोगतज्ज्ञांकडे, आपल्या भाषेत हाडांच्या डॉक्टरांकडे जा. आणि त्यांच्याइतकंच महत्त्वाचं दुसरं नाव लिहून ठेवा: फिजिओथेरपिस्ट. पुण्यालाच जायला हवं असं नाही. कराडमध्ये हाडांचे चांगले डॉक्टर आहेत. खर्चाची अडचण असेल तर रेल्वेने मिरज गाठता येतं, तिथे सरकारी वैद्यकीय महाविद्यालयाचं रुग्णालय आहे. पुण्यात ससून आहे. मुलाला पुण्याचंच समाधान असेल तर ते दुसऱ्या मतासाठी राखून ठेवा. पहिली भेट अशा डॉक्टरांची हवी की ज्यांच्याकडे पुन्हा-पुन्हा जाता येईल, कारण हे एका भेटीचं काम नाही.

चौथ्या ग्रेडचं सांगते. ही ग्रेड कुठून आली? १९५७ साली केलग्रेन आणि लॉरेन्स या दोन डॉक्टरांनी एक्स-रे बघून शून्य ते चार अशी मोजणी सुचवली, तीच आजवर चालते. मोजते काय? हाडांमधली जागा किती उरली, कडेला हाडाचे काटे किती आले, हाडाचा आकार किती बदलला. तुम्ही जिना कशा उतरता हे ती मोजत नाही. फिल्म आणि दुखणं यांचा मेळ बऱ्याचदा बसत नाही. चौथ्या ग्रेडचा गुडघा घेऊन देवदर्शनाला पायऱ्या चढणाऱ्या आजी असतात, आणि दुसऱ्या ग्रेडला रात्रभर झोप न लागणारेही असतात. पंचवीस मिनिटं मंडईपर्यंत चालणारी बाई आणि ‘चौथी ग्रेड’ हे दोन्ही एकाच वेळी खरं असू शकतं. किंवा फिल्म घाईत वाचली गेली असेल. दोन्ही शक्यता आहेत, म्हणून मूळ फिल्म लागते. मोबाइलवरच्या फोटोत बारकावे जातात. शिवाय एक्स-रे उभं राहून, अंगाचं वजन पायांवर टाकून काढलेला हवा. आडवं झोपवून काढला तर सांध्यातली जागा खरी कळत नाही. शिबिरात तुम्ही उभ्या होतात की झोपलेल्या, ते आठवून ठेवा.

आणि ऑपरेशनचा निर्णय ग्रेडवर होत नाही. तो तुमच्या दिवसावर होतो. किती चालवतं, झोप लागते का, केंद्र सांभाळता येतं का, बाकीचे उपाय मनापासून करून पाहिले का, याच्यावर. जो गुडघा फारसा दुखतच नाही तो केवळ फोटोत वाईट दिसतो म्हणून कापायचा, हे मला पटत नाही.

इथे माझी एक चूक सांगते. प्रॅक्टिसच्या सुरुवातीला एका शेतकरी बाईंचा एक्स-रे मी उजेडाला धरला आणि त्यांच्यासमोर म्हणाले, “गुडघा पार संपलाय.” मला वाटलं मी खरं बोलले. सहा महिन्यांनी त्या आल्या तेव्हा मुलाच्या खांद्याचा आधार घेऊन आल्या. सहा महिने त्यांनी रान सोडलं होतं, देवळात जाणं सोडलं होतं. उरलाय तेवढा गुडघा पुरवून वापरायचा म्हणून बसून राहिल्या होत्या. मांडीचे स्नायू सुकले होते, वजन वाढलं होतं. गुडघ्याने जितकं केलं नसतं तितकं माझ्या एका वाक्याने केलं. तेव्हापासून मी ‘संपला’ हा शब्द कुणाच्याही सांध्याबद्दल उच्चारला नाही. तुम्हाला कुणी तो सांगितला असेल तर सोडून द्या. चालणं थांबवू नका.

हाडांच्या डॉक्टरांकडे जाताना सगळ्या गोळ्यांची पाकिटं पिशवीत घालून न्या. ‘ती पांढरी, गोल गोळी’ असं सांगून कुणालाच काही कळत नाही. त्याआधी आठवडाभर एका वहीत दोन-दोन ओळी लिहा: आज किती वेळ उभी होते, कधी दुखलं, रात्री जाग आली का, काय करणं टाळलं. शेवटचं सगळ्यात महत्त्वाचं. आपण बायका दुखणं सांगताना ‘थोडंसं दुखतं’ म्हणतो आणि त्यापायी सोडून दिलेल्या दहा गोष्टी सांगतच नाही. खाली बसून पूजा करणं सोडलं का? लग्नाला जाणं टाळलं का? बसच्या पायरीची भीती वाटते का? डॉक्टरांना या गोष्टी हव्या असतात. मुलाला सोबत न्या, पण बोला तुम्ही. कपडे असे घाला की दोन्ही पाय मांडीपर्यंत बघता येतील. सैल सलवार सोयीची पडते.

चांगली तपासणी कशी असते ते सांगते, म्हणजे ती झाली की नाही हे तुम्हालाच कळेल. डॉक्टर तुम्हाला चार पावलं चालायला लावतील. उभं करून पाय सरळ आहेत की बाहेर वाकलेत ते बघतील. गुडघा किती वाकतो, पूर्ण सरळ होतो का, आत पाणी साठलंय का, नेमकं कुठे दाबल्यावर दुखतं हे हाताने पाहतील. मांडीच्या स्नायूंचा जोर बघतील. आणि खुबा फिरवून पाहतील. खुब्याचं दुखणं पुष्कळदा गुडघ्यात जाणवतं आणि भलत्याच सांध्यावर उपचार होत राहतात. यातलं काहीच न करता नुसती फिल्म वर धरून निर्णय दिला गेला, तर नम्रपणे म्हणा, “डॉक्टर, एकदा गुडघ्याला हात लावून बघता का?” यात उद्धटपणा नाही.

एमआरआयची गरज सहसा नसते. पन्नाशीनंतर एमआरआयमध्ये गुडघ्यातली गादी (मेनिस्कस) फाटलेली दिसणं सर्रास आहे, ज्यांना काडीचं दुखत नाही त्यांच्यातही. मग ती फाटलेली गादी ‘दुर्बिणीने साफ’ करण्याचा सल्ला येतो. अमेरिकेतल्या ह्यूस्टनमध्ये डॉक्टरांनी याचीच परीक्षा घेतली होती. १८० रुग्णांपैकी काहींना खरी दुर्बिणीची शस्त्रक्रिया केली, काहींना गुडघ्यावर नुसते छेद देऊन शिवलं, कुणाला काय केलं ते रुग्णांना सांगितलं नाही. दोन वर्षं मागोवा घेतला. २००२ साली निष्कर्ष छापून आला: दोन्ही गटांत दुखण्याचा काही फरक नव्हता. तेव्हा झिजेसाठी नुसती साफसफाई सुचवली तर का, हे विचारा. गुडघा मध्येच अडकून बसत असेल, सरळच होत नसेल, तर गोष्ट वेगळी.

आता उपचार. पहिला उपचार व्यायाम आहे. तो औषधाच्या जोडीला करायची किरकोळ गोष्ट नाही, तोच मुख्य आहे. मांडीच्या पुढचे आणि खुब्याच्या बाजूचे स्नायू मजबूत झाले की प्रत्येक पावलाचा धक्का ते झेलतात. फिजिओथेरपिस्टकडून तुमच्यापुरते व्यायाम शिकून घ्या, पण त्या भेटीची वाट न बघता दोन गोष्टी सुरू करता येतील. भिंतीला टेकवलेल्या खुर्चीवरून हाताचा आधार न घेता उठायचं आणि सावकाश बसायचं, आठ-दहा वेळा. जमत नसेल तर आधी खुर्चीवर उशी ठेवून उंची वाढवा. दुसरं, खाटेवर पाठीवर पडून एक गुडघा वाकवून ठेवायचा, दुसरा पाय सरळ ताठ ठेवून वीतभर उचलायचा, पाच आकडे मोजून खाली ठेवायचा. दोन्ही पायांनी करा, डाव्यालाही. करताना थोडं दुखलं तर घाबरू नका. दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत ते नेहमीइतकं शांत झालं की प्रमाण बरोबर आहे असं समजा. नाही झालं तर संख्या कमी करा, बंद करू नका. आणि फरक बघायला निदान दोन-तीन महिने द्या. चार दिवसांत गुण देणारी पुडी काय करते ते आपण वर बघितलं.

वजनाचं बोलायला मला जड जातं. पहाटेपासून दुसऱ्यांसाठी पोळ्या लाटणाऱ्या बाईला ‘वजन कमी करा’ सांगणं सोपं आणि करणं अवघड. शिवाय त्या पुडीनेही थोडं वाढवलं असेल. पण हिशोब माहीत असावा: एक किलो उतरलं की प्रत्येक पावलाला गुडघ्यावरचा भार सुमारे चार किलोंनी उतरतो. तुमचे चार किलो गेले तर पावलागणिक सोळा किलो. दिवसभरात किती पावलं होतात ते ओट्यापासून फ्रिजपर्यंत मोजून बघा. अमेरिकेत फ्रेमिंगहॅम गावच्या स्त्रियांवरचा अभ्यास १९९२ मध्ये छापून आला, त्यात दहा वर्षांत पाचेक किलो वजन उतरलेल्या स्त्रियांमध्ये गुडघ्याची दुखरी झीज सुरू होण्याचा धोका निम्म्याहून खाली आला होता. तीस किलो उतरवायची गरज नाही, एवढंच मला सांगायचंय.

केंद्रात काही बदल करा. ओट्यापाशी उंच स्टूल ठेवा आणि पोळ्या भाजताना अर्धं टेकून बसा. कणीक मळायचं मशीन घ्यायचं मनात असेल तर तो गुडघ्याचाही उपचार आहे असं समजा. पायाखाली जाड रबरी मॅट टाका. तासाभराने दोन मिनिटं चाला, एका जागी खिळून उभं राहणं चालण्यापेक्षा वाईट. जमिनीवरची मांडी आणि उकिडवं बसणं सध्या टाळा, भारतीय पद्धतीचा संडास असेल तर त्यावर ठेवायची कमोड खुर्ची मिळते. मंडईतून येताना काठी वापरा, आणि ती डाव्या हातात धरा. दुखरा पाय उजवा असेल तर काठी डावीकडे, हे बहुतेक जण उलटं करतात. ‘काठी घेतली म्हणजे म्हातारी झाले’ असं वाटेल. मला पत्राने कळवा, पहिल्या आठवड्यानंतर तसं वाटतं का ते.

मिस्टरांचं तेल आणि शेक चालू राहू दे. त्याने आजार जाणार नाही, पण आराम पडतो आणि आराम ही छोटी गोष्ट नाही. फक्त शुगर आहे म्हणून शेकाची पिशवी आधी हाताला लावून बघा, पायाची संवेदना कमी झाली असेल तर भाजलेलं कळत नाही. गोळीऐवजी डायक्लोफेनॅकचं मलम डॉक्टरांना विचारून लावा. ते पोटात जाणाऱ्या गोळीच्या मानाने रक्तात फार कमी उतरतं. दुखेल तेव्हा बोटभर फासायचं नाही, दिवसातून ठरलेल्या वेळा, दोन आठवडे सलग लावून मग ठरवायचं. ग्लुकोसमीनच्या महागड्या गोळ्यांवर पैसे घालू नका, ‘नाइस’च्या सूचनांत त्या देऊ नका असंच म्हटलंय.

इंजेक्शनांबद्दल तुम्ही विचारलं नाहीत, पण कुणीतरी सुचवणारच. स्टेरॉइडचं इंजेक्शन गुडघा फार चिडलेला असेल तर काही आठवडे आराम देतं. शुगर काही दिवस चढते, त्याची तयारी ठेवा. ते दर तीन महिन्यांनी घेत राहण्यात अर्थ नाही. तसं दोन वर्षं देऊन पाहिलेला अभ्यास २०१७ साली आला, त्यात दुखणं कमी झालं नाही आणि कूर्चा मात्र जास्त विरळ झाली. ऑपरेशन जवळ असेल तर आधीचे तीन महिने हे इंजेक्शन टाळतात, जंतुसंसर्गाचा धोका वाढतो म्हणून. ‘वंगणाचं’ म्हणजे जेलचं इंजेक्शन ‘नाइस’ने नाकारलंय. स्वतःच्या रक्तातून काढलेल्या पीआरपीचा ऑस्ट्रेलियात २८८ जणांवर प्रयोग झाला, २०२१ मध्ये त्याचे निकाल आले. वर्षभरानंतर ते आणि साधं सलाइन यांत दुखण्याचा म्हणण्यासारखा फरक नव्हता. स्टेम सेलच्या नावाने कुणी लाखभर रुपये मागितले तर उठून या.

राहिलं ऑपरेशन. मी त्याच्या विरोधात नाही. योग्य वेळी झालेलं गुडघ्याचं ऑपरेशन माणसाला अक्षरशः घराबाहेर आणतं, हे मी अनेकदा पाहिलंय. आणि ‘वाटी बदलणे’ या शब्दाने नाहक भीती बसते. वाटी म्हणजे पुढचं छोटं गोल हाड, ते पुष्कळदा जागच्या जागीच राहतं. मांडीच्या आणि नडगीच्या हाडाचा खराब पृष्ठभाग पातळसा काढून त्यावर धातूचं आवरण बसवतात, मध्ये टणक प्लॅस्टिकचा तुकडा. बहुतेकांना दुसऱ्या दिवशी वॉकर धरून उभं करतात. बसवलेला सांधा टिकतोही छान: मोठ्या नोंदींवरून २०१९ मध्ये काढलेला अंदाज असा की शंभरातले सुमारे ८२ गुडघे २५ वर्षं चालतात. पण तुमचं वय ५४. जितक्या लवकर बसवाल तितकी आयुष्यात पुन्हा बदलायची वेळ येण्याची शक्यता जास्त, आणि दुसरं ऑपरेशन पहिल्यापेक्षा अवघड असतं. शुगर आटोक्यात नसताना तर कुणी घाई करू नये, जखम चिघळायची भीती असते. ऑपरेशननंतर जमिनीवर मांडी घालणं पुष्कळांना जमत नाही, हेही आधीच माहीत असावं.

मग कधी करावं? रात्रीची झोप उडाली, घरातल्या घरात चालणं अवघड झालं, पाय दिवसेंदिवस बाहेर वाकत चालला, आणि व्यायाम-वजन-मलम हे सगळं काही महिने खरोखर करूनही दुखणंच तुमचा दिवस ठरवू लागलं, तर. तेव्हा टाळत बसू नका. पाय फार वाकडा होईपर्यंत आणि स्नायू सुकेपर्यंत थांबलं की ऑपरेशनचाही गुण कमी येतो.

ती वेळ आली तर डॉक्टरांना विचारा की गुडघ्याचा एकच भाग खराब आहे का, असेल तर अर्धाच सांधा बदलून किंवा हाडाचा कोन सरळ करून भागेल का. तुमच्या वयात हा प्रश्न फार कामाचा आहे. आणि दोन्ही एकदम कशासाठी, हेही विचारा. अटलबिहारी वाजपेयी पंतप्रधान असताना मुंबईच्या ब्रीच कँडी हॉस्पिटलमध्ये डॉ. चित्तरंजन राणावत यांनी त्यांचे गुडघे बदलले, डावा २००० च्या ऑक्टोबरमध्ये आणि उजवा २००१ च्या जूनमध्ये. पहिला स्थिरावल्यावर दुसरा. एकदम दोन्ही करणं काहींसाठी योग्य असतं, पण शुगर-बीपी असलेल्या रुग्णात त्याचं कारण नीट समजून घ्यायला हवं.

खर्चाचं सांगायचं तर ऑगस्ट २०१७ मध्ये केंद्र सरकारने गुडघ्याच्या इम्प्लांटच्या किमतींवर मर्यादा घातली. सर्रास वापरल्या जाणाऱ्या कोबाल्ट-क्रोमियमच्या इम्प्लांटची तेव्हाची कमाल किंमत ५४,७२० रुपये अधिक जीएसटी अशी होती. हॉस्पिटलचं बाकीचं बिल वेगळं. म्हणून अंदाजपत्रकात इम्प्लांटचा आकडा स्वतंत्र मागून घ्या. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत असलेल्या हॉस्पिटलमध्ये आरोग्यमित्र बसतात, रेशन कार्ड घेऊन त्यांना भेटा आणि तुमच्या ऑपरेशनला काय लागू आहे ते विचारा.

एक अपवाद ध्यानात ठेवा. गुडघा अचानक लाल, गरम, टम्म झाला आणि ताप आला, किंवा पडल्यावर पायावर भारच देता येईना, तर वही-व्यायाम सगळं बाजूला ठेवून त्याच दिवशी डॉक्टरांकडे जा.

नाहीतर क्रम असा ठेवा. या आठवड्यात फिजिशियन, पुडी आणि गोळ्या घेऊन. शुगरची दिशा कळली की हाडांचे डॉक्टर, फिजिशियनच्या चिठ्ठीसह. तोवर खुर्चीवरचा व्यायाम आणि वही. हाडांच्या डॉक्टरांची वेळ महिनाभराने मिळाली तरी तुमच्या गुडघ्याचं त्यात काही बिघडत नाही.

आणि शिबिराकडून उद्या पुन्हा फोन आला, सवलत संपत आली म्हणाले, तर त्यांना एवढंच सांगा: माझी मूळ फिल्म तयार ठेवा, मुलगा न्यायला येतोय.